ओळीवर एकटा ठिपका

क्लाक्सविक बंदरात रात्री पावणेतीनला
लिलावघराचं पत्र काही निघेना.
पडद्यावर गरगरणारं चक्र
आणि शेजारी, ‘पाठवत आहे’.
पाठवत आहे म्हणे. चाळीस मिनिटं.

मार्यूनने ते गोजिरवाणं सॉफ्टवेअर मिटलं,
काळी खिडकी उघडली
आणि सर्व्हरशी स्वतःच बोलायला बसली,
मिक्सर जळाल्यावर एखादी
पाट्याशी बसते तशी.

आधी यंत्रांचं आपसांत:
ऐकू येतंय?
येतंय. माझं तुला?
मलाही येतंय.
एवढं झाल्याखेरीज त्या मुलखात
कोणी तोंड उघडत नाही.

मग पलीकडून दोनशे वीस. म्हणजे, मी आहे.
मग तिचा हेलो,
इंग्रजी स्पेलिंगातला एक एल गाळलेला,
कारण नियम बांधणाऱ्यांनी
आज्ञेला चारच अक्षरं दिली होती
आणि रामरामालाही सूट दिली नाही.
दोनशे पन्नास, सर्व्हर म्हणाला. ठीक.

दान्याल, तिचा बाप, ट्रॉलरवरचा रेडिओवाला,
घरीसुद्धा वाक्य संपलं की ‘ओव्हर’ म्हणायचा.
आई वैतागून वाढायची: बटाटे, ओव्हर.
त्याच्या केबिनमधल्या घड्याळावर
दोन हिरव्या फाका रंगवल्या होत्या,
तासाची पहिली तीन मिनिटं, अर्ध्या तासानंतरची तीन.
तेवढा वेळ समुद्रावर कोणी बोलायचं नाही.
सगळ्या जहाजांनी कान देऊन बसायचं,
एखादा बारीक आवाज कुठे बुडत असेल तर.
बोलायचे नियम बोलणाऱ्यांनी केले, तो सांगायचा,
गप्प बसायचा नियम
बुडणाऱ्यांनी करून घेतला.

कुणाकडून? तिने लिलावघराचा पत्ता दिला. ठीक.
कुणाला?
चाचणीपुरता कुठलाही चालला असता.
बोटांनी दान्यालचा टाइप केला.

ऑक्टोबरात गेला तो.
पुसायच्या जुन्या खात्यांची यादी तिच्याच टेबलावर,
तिसरी ओळ, वर कॉफीच्या कपाचा गोल डाग.
पाचशे पन्नास यावा, अशी अर्धी आशा होती तिला:
इथे असा कोणी राहत नाही.
म्हणजे पुसण्याचं काम
परस्पर दुसऱ्या कोणी केलेलं असेल.

आला दोनशे पन्नास. ठीक.

सर्व्हरला पेटी माहीत असते.
उघडणारा नाही.
खोटं बोलला असं म्हणता येणार नाही.

तीनशे चोपन्न: सांग आता.

बाहेर वारा पत्र्याखाली बोटं घालून उचकटत होता.
तिने लिहिलं,
बाबा, बोट रंगवली. तो निळा मिळाला नाही.
हिवाळा ओला गेला, टांगलेलं मांस
यंदा नीट वाळलं नाही, आई खाते तरी.
ही फक्त चाचणी आहे.

मग नवी ओळ, तिच्यावर एकटा ठिपका.
संपलं म्हणायची तिथे हीच रीत.
ठिपका येईस्तोवर सर्व्हर ऐकत बसतो,
पाच मिनिटं तरी, त्याला तसं बजावलेलं असतं.
ठिपका झाला.
एंटर मात्र तिने दाबलं नाही.
भिंतीवर तीन वाजले होते.

तीन वाजून एक.
कर्सरची उघडझाप.
तीन वाजून दोन.
धक्क्यावर बर्फाच्या पेट्या उतरवणारे
कशालातरी हसत होते.

तीन वाजून तीन मिनिटांनी
करंगळीने एंटर.
दोनशे पन्नास. रांगेत घेतलं.

लिलावघराचं दुखणं नंतर सापडलं:
प्रमाणपत्राची मुदत मध्यरात्री संपलेली, एवढंच.
साडेचारला पत्र गेलं, सहाला हॅडॉक विकला.
यादीतल्या तिसऱ्या ओळीवर
तिने कप परत ठेवला.